हरकत घ्यायची ती वेळेत

2021 मध्ये ब्रह्मगिरीच्या पायथ्याची खोदाई आणि बेळगाव ढग्याजवळच्या संतोषा-भागडी डोंगरांचे लचके यांवरून नाशिकमध्ये मोठी ओरड झाली. पण पोकलेन डोंगराला लागल्यावरच बहुतेकांना जाग येते. कायद्यात हरकतीची जागा त्याच्या बरीच आधी आहे.

जिल्ह्यात गौण खनिज कुठे, किती काढता येईल, हे ‘जिल्हा सर्वेक्षण अहवाला’त ठरते. केंद्राच्या 2016 च्या अधिसूचनेनुसार त्याचा मसुदा जिल्हाधिकारी कार्यालयात आणि जिल्ह्याच्या संकेतस्थळावर 21 दिवस ठेवावा लागतो. हरकती तेव्हाच द्यायच्या. हा अहवाल दर पाच वर्षांनी नवा होतो. तो वाचणारे गावात किती, हा प्रश्नच आहे.

पेठ, सुरगाणा, कळवणसारख्या अनुसूचित क्षेत्रात तर 1996 च्या पेसा कायद्याने खाणपट्ट्याआधी ग्रामसभेची किंवा योग्य स्तरावरील पंचायतीची शिफारस बंधनकारक केली आहे. त्यामुळे तिथे ग्रामसभेचे इतिवृत्त नीट वाचल्याशिवाय सही करू नये.

परवान्याविना उत्खनन झाले, तर महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम 48(7) खाली बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत दंड होऊ शकतो. यंत्रे, वाहनेही जप्त होतात.

अशा उत्खननाच्या तक्रारीत ‘धुळीचा त्रास होतो’ एवढेच लिहिले, तर अर्ज फाईलबंद होतो. गट क्रमांक, सुरुंगाची तारीख-वेळ, तडा गेलेल्या विहिरीचे फोटो जोडा आणि आवक क्रमांकासह पोच घेतल्याशिवाय टेबल सोडू नका.