विष्णुभट गोडसे

विष्णुभट गोडसे ऊर्फ गोडसे भटजी (जन्म : इ.स. १८२७, वरसई, ता. पेण, जि. रायगड) हे मराठीतील आरंभीच्या प्रवासवर्णनकारांपैकी एक होत. पेशाने ते वेदशास्त्र जाणणारे भिक्षुक होते. ‘माझा प्रवास’ या त्यांच्या एकमेव पुस्तकात १८५७ च्या उठावाच्या काळातील माळवा, बुंदेलखंड व गंगेच्या खोऱ्यातील प्रवासाची हकीकत आहे. त्या उठावासंबंधी इंग्रज अधिकाऱ्यांनी आणि त्यांच्या कुटुंबीयांनी लिहिलेला मजकूर विपुल आहे. एतद्देशीय माणसाने, तेही कोणत्याही सैन्यात किंवा दरबारी नोकरीत नसलेल्या माणसाने, लिहिलेले असे सलग कथन मात्र फार विरळा सापडते.

प्रवासाची पार्श्वभूमी

गोडसे यांचे घराणे गरीब होते. घरातील लग्नकार्यांमुळे कर्ज झाले होते आणि गावच्या भिक्षुकीवर ते फिटण्याजोगे नव्हते. पेशवाईत पुण्यात श्रावणमासी विद्वान ब्राह्मणांना मोठी दक्षिणा वाटली जाई. १८१८ मध्ये पेशवाई संपल्यावर हा आश्रय आटला आणि दक्षिणा निधीचा काही भाग पुण्यातील संस्कृत पाठशाळेकडे वळला. उत्तरेत मात्र ग्वाल्हेर, इंदूर, धार, झांशी अशी मराठी संस्थाने टिकून होती, ब्रह्मावर्तास (बिठूर) पेशव्यांचे दत्तक कुटुंब होते. त्यामुळे कोकणातील व देशावरील ब्राह्मण धर्मकृत्यांच्या निमित्ताने तिकडे जात. गोडसे यांचा प्रवास याच वाटेवरचा होता. त्याला हौसेची सहल समजणे चुकीचे ठरेल.

दौलतराव शिंदे यांच्या पत्नी बायजाबाई शिंदे मथुरेस सर्वतोमुख यज्ञ करणार असून तेथे मोठा दानधर्म होणार आहे, अशी वार्ता त्यांना लागली. उत्तर हिंदुस्थान म्हणजे भांगेचा आणि मायावी स्त्रियांचा मुलूख, अशी धास्ती घरच्यांना होती. तरीही काका रामभट यांच्या सोबतीने १८५७ च्या आरंभी ते निघाले. कर्ज फिटावे, शिवाय काशीयात्रा घडावी, असा दुहेरी हेतू होता.

उठावाच्या मुलखात

पुणे, अहमदनगर या मार्गाने सातपुडा ओलांडून काका-पुतणे महूच्या परिसरात पोहोचले. तेथे पलटणीतील शिपायांकडून त्यांना काडतुसांचा वाद आणि येऊ घातलेली धामधूम समजली. इंग्रजांनी राजेरजवाड्यांना कलकत्त्यास बोलावून धर्मात हात घालणाऱ्या कलमांची यादी त्यांच्यापुढे ठेवली, अशी एक कथाही गोडसे सांगतात. अशी सभा भरल्याचा इतिहासात आधार नाही. मात्र छावणीतला शिपाई कशावर विश्वास ठेवीत होता, हे या कथेतून जितके स्पष्ट दिसते तितके सरकारी अहवालांतून क्वचितच दिसते. महूची पलटण १ जुलै १८५७ रोजी उठली.

पुढे माळव्यात फिरत, मिळेल तेथे दक्षिणा घेत ते ग्वाल्हेरकडे गेले. ज्या यज्ञासाठी घर सोडले तो बाजूला राहिला आणि परतीच्या वाटाही धोक्याच्या झाल्या. शेवटी ते झांशीत राणी लक्ष्मीबाईंच्या आश्रयास गेले.

झांशीचा वेढा

पुस्तकातील सर्वांत समृद्ध भाग झांशीचा आहे. राणीची दिनचर्या, तिचा पोषाख, घोड्याची पारख, महालक्ष्मीचे देवालय, राजवाड्यातील समारंभ, पदरचे विद्वान व गवई यांचे तपशील गोडसे यांनी आश्रिताच्या नजरेने टिपले आहेत. आश्रिताची नजर असली तरी ते केवळ स्तुती करीत नाहीत. दिवंगत गंगाधररावांविषयी शहरात चालणारी कुजबुजही ते निःसंकोच नोंदवतात. दरबारी बखरकाराने बहुधा ती गाळली असती.

मार्च १८५८ मध्ये सर ह्यू रोझ यांच्या सैन्याने शहरास वेढा दिला. सततचा तोफांचा मारा, रात्री आकाशातून येणारे गोळे, पडलेल्या तटाची रातोरात डागडुजी आणि तात्या टोपे यांची मदत येत असल्याच्या बातमीने पालवलेली व नंतर मोडलेली आशा, हा क्रम गोडसे यांनी नागरिकाच्या बाजूने सांगितला आहे. ३ एप्रिलला इंग्रज फौज शहरात शिरली. त्यानंतर राणी रात्री किल्ल्यातून निसटली. पुढचे काही दिवस शहरात कत्तल व लूट चालू राहिली. गोडसे लपून राहून वाचले, पण जमवलेली दक्षिणा लुटीत गेली. आधी सोनेनाणे, मग भांडी, मग धान्य व कापड अशी उतरत्या किमतीच्या वस्तूंची लूट, गल्ल्यांतील प्रेते, अन्नपाण्याचे हाल यांचे वर्णन ते आवाज न चढवता करतात. राजवाड्यातील ग्रंथसंग्रहाची नासधूस ते स्वतंत्रपणे नोंदवतात. पोथ्यांवर पोट असलेल्या माणसाला ती वेगळी जाणवावी, हे स्वाभाविकच आहे.

झांशी सोडल्यावर काल्पीच्या वाटेवर एका विहिरीपाशी त्यांची राणीशी पुन्हा भेट झाली. धुळीने माखलेली, पठाणी वेशातील राणी तहानलेली होती. गोडसे पाणी काढू लागले, तेव्हा विद्वान ब्राह्मणाकडून ही सेवा घेणे तिने नाकारले आणि स्वतः पाणी काढून ओंजळीने ते प्यायली. हा प्रसंग पुढे राणीच्या अनेक चरित्रांत व कादंबऱ्यांत आला. त्याचा मूळ आधार ‘माझा प्रवास’ हाच आहे. राणी जून १८५८ मध्ये ग्वाल्हेरजवळ लढताना मरण पावली.

परतीचा प्रवास

गोडसे यांनी त्यानंतर चित्रकूट, काशी, अयोध्या आदी क्षेत्रांची यात्रा केली. वाटेत पुन्हा लूटमार, झडत्या आणि बंडखोर ठरवले जाण्याची भीती होतीच. आईवडिलांना गंगास्नान घडावे म्हणून त्यांनी गंगाजलाची कावड खांद्यावरून वरसईपर्यंत आणली. कर्ज फेडण्यासाठी निघालेला माणूस सुमारे तीन वर्षांनी घरी आला तो पैशाऐवजी पाणी घेऊन. पुस्तकात मात्र ही कावड पोहोचल्याचे समाधान लुटीच्या खंतीपेक्षा ठळक आहे.

लेखन व प्रकाशन

गोडसे हे इतिहासकार चिंतामण विनायक वैद्य यांच्या घराण्याचे उपाध्याय होते. त्यांच्या तोंडच्या हकीकती ऐकून वैद्यांनी त्या लिहून काढण्याचा आग्रह धरला. त्यानुसार प्रवासानंतर सुमारे पाव शतकाने, १८८३ च्या सुमारास, त्यांनी त्या आठवणीतून लिहिल्या. सरकारी रोषाच्या भीतीने पुस्तक आपल्या मृत्यूनंतरच छापावे, अशी त्यांची अट होती. वैद्यांनी ती पाळली आणि १९०७ मध्ये, म्हणजे उठावाला पन्नास वर्षे झाली त्या वर्षी, ‘माझा प्रवास’ प्रसिद्ध केले.

ही आवृत्ती मूळ लेखनाशी तंतोतंत जुळणारी नव्हती. वैद्यांनी भाषा शुद्ध केली, काही मजकूर बदलला, काही गाळला. गोडसे यांची मूळ शैली बोलीच्या वळणाची, लांबत जाणाऱ्या वाक्यांची आणि कोकणी भिक्षुकाच्या शब्दकळेची होती. हस्तलिखित पुढे पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळाकडे आले आणि त्यावरून दत्तो वामन पोतदार यांनी १९६६ मध्ये मूळबरहुकूम आवृत्ती सिद्ध केली. जवळजवळ साठ वर्षे वाचक आणि संशोधक वैद्यांच्या संस्करणावरच विसंबून होते; अभ्यासासाठी आज पोतदारांची आवृत्ती वापरणे योग्य ठरते.

विश्वसनीयता

इतका काळ लोटल्यावर लिहिल्यामुळे पुस्तकातील तिथी व घटनाक्रम यांत गफलती आहेत. लेखक जेथे हजर नव्हता तेथील, विशेषतः कानपूर व नानासाहेब पेशवे यांच्यासंबंधीचा, मजकूर ऐकीव आहे. तो आणि डोळ्यांनी पाहिलेला भाग यांत गोडसे नेहमी रेघ ओढत नाहीत. ती वाचकाने ओढावी लागते. त्यांची दृष्टी सनातनी ब्राह्मणाची आहे आणि इतर जातींविषयीचे त्यांचे उल्लेख त्या काळाचे आहेत. उठावाकडे ते स्वातंत्र्ययुद्ध म्हणून पाहत नाहीत. राणीविषयी आदर आणि इंग्रजांच्या शिस्तीविषयी कौतुक ही दोन्ही त्यांच्या लेखनात शेजारी नांदतात.

अनुवाद

हिंदी कादंबरीकार अमृतलाल नागर यांनी ‘आँखों देखा गदर’ या नावाने पुस्तकाचा हिंदी अनुवाद केला. इंग्रजीत एकविसाव्या शतकात त्याचे एकाहून अधिक अनुवाद झाले असून अनुवादकांत मृणाल पांडे, तसेच प्रिया आडारकर व शांता गोखले यांचा समावेश आहे.