साकवाचा कागद

दुपारचा दीड. मंत्रालयाच्या गार्डन गेटसमोरची रांग वळण घेऊन फुटपाथवर आली आहे. मे महिना. समुद्र हाकेच्या अंतरावर, तरी वाऱ्याचा पत्ता नाही. सावल्या पायापुरत्या उरल्यात. सदरे पाठीला चिकटलेत. कुणी टोपीने वारा घेतंय, कुणी फायलीने. जवळजवळ प्रत्येकाकडे प्लॅस्टिकची पिशवी आहे. पिशवीत कागद. वरचा नवा, टाईप केलेला. खालचे जुने, घडीवर विरलेले.

रांगेत कुणी आधी गाव विचारत नाही. ‘तुमचा आमदार कुणाचा?’ हा पहिला प्रश्न. मग खातं कुणाकडे. मग पालकमंत्री कुठल्या पक्षाचा. तिन्ही उत्तरं एकाच पक्षाची आली तर विचारणारा म्हणतो, ‘मग होईल तुमचं.’ तिन्ही वेगळी आली की तो गप्प होतो.

माझ्या पुढे पासष्टीचे एक अप्पा उभे आहेत. घाटाखालच्या एका वाडीतले. पहाटेच्या पहिल्या एसटीने निघालेत. सोबत पुतण्या. अप्पांच्या पिशवीत अर्ज आहे, ग्रामपंचायतीचा ठराव आहे आणि स्टुडिओत धुऊन घेतलेले चार फोटो आहेत. एकाच ओढ्याचे. कमरेइतक्या पाण्यातून एक माणूस पोराला खांद्यावर घेऊन चाललाय. पोराच्या पाठीला दप्तर.

‘साकव पाहिजे,’ अप्पा म्हणतात. ‘दुसरं काय नाय.’

माझ्या मागे विदर्भातून आलेले दोघे. रात्री आकाशवाणी आमदार निवासात, आमदाराच्या खोलीत जमिनीवर पडले होते. ‘तुमचं मग अडून कुठं राहिलं, अप्पा?’ त्यातला एक विचारतो.

‘जिल्ह्याला पालकमंत्रीच ठरंना. दोन पक्षांचं जमत नाय. जिल्हा नियोजनची बैठक पुढे गेली, तिच्यात आमचा साकव.’

पालकमंत्री हे पद राज्यघटनेत शोधून सापडणार नाही. पण जिल्हा नियोजन समितीचा अध्यक्ष तोच असतो. वाडीवस्तीचे रस्ते, साकव, शाळेच्या खोल्या, अंगणवाड्या यांच्या याद्या त्या समितीसमोर येतात. म्हणून 36 जिल्ह्यांच्या पालकमंत्र्यांच्या यादीवर मित्रपक्ष खात्यांइतकेच अडून बसतात. रांगेतल्या सगळ्यांना हे ठाऊक आहे. कुणालाही समजावून सांगावं लागत नाही.

दोन वाजतात. रांग हलते. पुतण्या मोबाईल पुढे करतो, अप्पा आधार कार्ड. कॅमेऱ्यासमोर टोपी काढायला सांगतात. अप्पा टोपी काढून छातीशी धरतात, देवळात धरावी तशी. पास मिळतो. पासवर एकाच ठिकाणचं नाव. अप्पांच्या कामाला दारं तीन आहेत: ग्रामविकास, नियोजन, आणि जिथे पालकमंत्र्यांची यादी अडली आहे ते मुख्यमंत्र्यांचं कार्यालय. पुतण्याने ग्रामविकास निवडलंय. त्याचा मित्र तिथल्या एका स्वीय सहायकाला ओळखतो.

आत आल्यावर डोळ्यांपुढे क्षणभर अंधारी येते. मग गारवा जाणवतो. त्रिमूर्ती प्रांगणात लोक वर बघत उभे राहतात. डोक्यावर जाळी ताणलेली आहे, सर्कशीत झुल्यांखाली असते तशी. ती 2018 साली बसवली. त्याआधी या इमारतीत कागद घेऊन आलेल्या माणसांनी काय काय केलं, ते महाराष्ट्राला माहीत आहे. मी कितीही वेळा इथे आलो तरी जाळीखालून जाताना पाय मंदावतात. अप्पाही वर बघतात. काही विचारत नाहीत.

लिफ्टपाशी गर्दी आहे. आम्ही जिना धरतो. प्रत्येक वळणावर कुणीतरी दम खात बसलंय. पाट्या वाचत वाचत वर जायचं. मंत्र्याचं नाव, खाली खात्यांची नावं. या नावांखाली पक्ष लिहिलेला नसतो, पण दालनाचं दार उघडलं की कळतो. भिंतीवर कुणाची तसबीर, आत बसलेल्यांच्या गळ्यात कुठल्या रंगाचा गमछा. चार पावलांवर दुसरी पाटी, दुसरा रंग. सरकार एक, मजले तेच, पण इकडच्या दालनातला कार्यकर्ता तिकडच्या दारासमोरून जाताना आवाज खाली घेतो.

मंत्र्यांच्या बाहेरच्या खोलीत पंचवीस खुर्च्या असतील. माणसं साठेक. एसी चालू आहे, पण दार सारखं उघडतं. एका टेबलावर तीन फोन. सहायक एक कानाला लावतो, दुसऱ्यावर हात ठेवतो. ‘साहेब कॅबिनेटला आहेत’ हे वाक्य तो दर दोन मिनिटांनी म्हणतो, आणि तरीही प्रत्येकाकडे बघून म्हणतो. मला तो माणूस बरा वाटतो.

थांबणं सुरू होतं. सुटाबुटातला एकजण येतो, थेट आत जातो. दोन नगरसेवक येतात, तेही. एक बाई मांडीवरच्या बाळाला अर्जाने वारा घालते आहे. बदलीसाठी आलेली शिक्षिका. ‘नवरा गडचिरोलीत, मी पालघरला,’ ती शेजारणीला सांगते. चहावाला किटली घेऊन येतो. चहा आतल्यांसाठी आहे.

मी पाय मोकळे करायला बाहेर येतो. त्याच व्हरांड्यात पुढे एका राज्यमंत्र्यांचं दालन. खुर्च्या रिकाम्या. शिपाई पेपर वाचतोय. ‘इथे गर्दी नाही?’ मी विचारतो. ‘फाईल इथे यायला पाहिजे ना, साहेब. कॅबिनेट मंत्र्यांनी अधिकार दिले तर येणार.’ तो पेपरची घडी घालतो. या राज्याच्या विधानसभेत 288 जागा. 2003च्या 91व्या घटनादुरुस्तीने मंत्र्यांची संख्या जागांच्या 15 टक्क्यांवर बांधली. म्हणजे मुख्यमंत्री धरून 43. दोन-तीन पक्षांत एवढ्याच खुर्च्या वाटायच्या, त्यात विभाग बघायचे, समाज बघायचे, नाराज बघायचे. कुणाला भरलेलं दालन मिळतं, कुणाला हे. आणि बहुमताला लागतात 145. 1985 नंतर एकाही पक्षाने ते एकट्याच्या बळावर गाठलेले नाहीत. तेव्हा जन्मलेलं मूल आता चाळिशीत आहे. कागद एका पक्षाच्या दारातून दुसऱ्याच्या दारात नेणं हे त्याला सरकारी कामाचाच भाग वाटतं. कारण कळत्या वयात दुसरं काही त्याने पाहिलेलंच नाही.

पावणेचार. लिफ्टकडून गलका येतो. बैठक संपली. आधी सफारीतले अंगरक्षक, मागे पांढरे कपडे, मागे कागदांचे हात. खोलीतले साठ जण एकदम उभे राहतात. ‘साहेब, साहेब.’ मंत्री चालता चालता अर्ज घेतात, अर्धी ओळ वाचतात, पेन मागतात. कोपऱ्यात शेरा पडतो. पुढचा. शिक्षिकेचा कागद ते परत देतात तिच्याच हातात, ‘हे दुसऱ्या खात्याचं, तिकडे जा ताई.’ तिकडे म्हणजे दुसरा पक्ष. शिक्षिका ‘बरं’ म्हणते.

अप्पांची पाळी येते. ते अर्ज देत नाहीत, आधी फोटो देतात. मंत्री थांबतात. फोटो जरा लांब धरून बघतात. खरंच बघतात, मी शेजारी उभा आहे.

‘पोरं रोज अशी जातात?’

‘पावसाचे चार महिने. जास्त पाणी आलं की शाळा बंद.’

‘पालकमंत्री कोण तुमचे?’

अप्पा काही बोलत नाहीत. सहायक कानाशी वाकून सांगतो. मंत्री मान हलवतात. तो जिल्हा कुठे अडलाय हे त्यांना अप्पांपेक्षा जास्त माहीत असणार. ‘तपासून सादर करावे’ असा शेरा पडतो, खाली सही, तारीख. फोटो अर्जाला टाचला जातो. सगळं मिळून दीड मिनिट.

‘डेस्क इथे नाही,’ सहायक सांगतो. ‘बांधकाम भवनात, फोर्टला. आजच द्या, म्हणजे आवक पडेल.’

पुन्हा जिना, पुन्हा जाळी, पुन्हा ऊन. आता ते तिरपं आहे आणि डोळ्यांत जातं. अप्पा टॅक्सीला नको म्हणतात. चालत निघतो. वाटेत पुतण्या नियोजन विभागाचं काय, ते विचारतो. तिथला पास उद्या काढावा लागेल. राहायचं कुठे? अप्पा उत्तर देत नाहीत, रस्ता ओलांडतात.

बांधकाम भवनात टपाल घेणाऱ्या ताई उठायच्या तयारीत आहेत. मंत्र्यांची सही बघून बसतात. शिक्का, नंबर, तारीख. अप्पा त्यांच्याही हातात एक फोटो देतात. ‘हा फायलीला लावा, ताई.’ एक आधीच लावलेला आहे, त्या दाखवतात. ‘असूं दे दुसरा. एखादा गळून पडला तर.’ त्या दुसराही लावतात.

पुतण्या मोबाईलमध्ये शिक्क्याचा फोटो काढतो. ‘नंबर वहीत पण लिही,’ अप्पा सांगतात. ‘मिरग कधी लागतो रे?’

‘सात जूनला.’

अप्पा बोटांवर मोजतात. मग उरलेले दोन फोटो आधार कार्डाच्या पाकिटात घालतात, पिशवीला गाठ मारतात, आणि मुंबई सेंट्रलकडे जाणारी बस कुठे मिळेल ते विचारायला पुढे होतात.