बढती आणि न्यायबुद्धि

न्यायाधीशाची बढती कोणाच्या हाती असावी, हा केवळ नोकरशाहीतील प्रश्न आहे असे मानणाऱ्यांनी न्या. हंसराज खन्ना यांची हकीकत आठवावी. आणीबाणीत चौकशीवाचून स्थानबद्ध केलेल्या नागरिकास न्यायालयाकडे दाद मागता येते काय, हा वाद 1976 मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे चालला. बेकायदा जीव घेतला गेला तरी दाद नाही काय, असे खन्नांनी विचारताच सरकारच्या महान्यायवाद्यांनी ‘नाही’ अशी कबुली दिली! तरीही पाचांपैकी चौघांनी सरकारचीच बाजू उचलून धरिली. त्यांत पुण्यास जन्मलेले यशवंतराव चंद्रचूडही होते, हे लिहिताना आम्हांस खेद होतो. एकट्या खन्नांनी विरुद्ध मत नोंदविले. जानेवारी 1977 मध्ये त्यांची ज्येष्ठता डावलून न्या. बेग यांस सरन्यायाधीश केले गेले, व खन्नांनी राजीनामा दिला. 1973 मध्ये तिघा ज्येष्ठांस बाजूस सारून ज्यांस हेच पद दिले, ते न्या. राय 1976 च्या पीठाचे प्रमुख होते; यास योगायोग म्हणावयाचे काय?

चौघांचा तो निर्णय 2017 मध्ये रद्द झाला, व तो चुकीचा ठरविणारे प्रमुख निकालपत्र चंद्रचूडांच्याच चिरंजीवांनी लिहिले. 1993 पासून नेमणुकांत न्यायाधीशांचे मत प्रमुख ठरले, हेही खरे. परंतु निवृत्तीनंतरच्या राज्यपालपदासारख्या नेमणुका सरकारच्याच मुठीत आहेत. निवृत्त न्यायाधीशाने निदान काही वर्षे असे पद स्वीकारू नये, असा कायदा संसदेने करावा.