बुजले की बुजवले? हरवलेल्या जागांची पुस्तके आणि कोल्हापूर

कोल्हापुरात माणसे कपिलतीर्थात मेथीची जुडी घेतात, वरुणतीर्थात सभा ऐकतात आणि रावणेश्वराच्या तळ्यात फुटबॉलचा सामना बघतात. बाहेरगावच्या माणसाला हे विधान चमत्कारिक वाटेल. कोल्हापूरकराला वाटणार नाही. कपिलतीर्थ म्हणजे भाजी मंडई, वरुणतीर्थ म्हणजे गांधी मैदान, आणि रावणेश्वराचे तळे होते तिथे शाहू स्टेडियम उभे आहे. नावे राहिली, पाणी गेले.

या तळ्यांचे काय झाले, असे जुन्या माणसांना विचारले की बहुतेक वेळा एकाच शब्दात उत्तर मिळते : 'बुजले.' जणू तळे आपणहून बुजते! खरे तर क्रियापद 'बुजवले' असे हवे. फरक फक्त एका 'व'चा आहे. पण त्या 'व'मध्ये कोणी, केव्हा, कशासाठी आणि कोणाच्या हुकमाने, हे चारही प्रश्न दडलेले आहेत. शहरातल्या नाहीशा झालेल्या जागांवरची पुस्तके मी अनेक वर्षे वाचत आलो आहे. त्यातले चांगले पुस्तक कोणते, हे ठरवण्याची माझी कसोटी हीच. जे पुस्तक 'पडला'चे 'पाडला' आणि 'बुजले'चे 'बुजवले' करून दाखवते, ते इतिहासाचे. बाकीची आठवणींची. आठवणींची पुस्तकेही गोड असतात, पण त्यांचे काम वेगळे.

एक शिंपी आणि बावीस फूट जमीन

या प्रकारच्या लेखनाचा एक मूळपुरुष लंडनचा जॉन स्टो. धंद्याने शिंपी, विद्यापीठाचे तोंड न पाहिलेला. आठव्या हेन्रीने इंग्लंडमधले मठ मोडीत काढले तेव्हा स्टो लहान होता. ज्या लंडनमध्ये तो वाढला ते त्याच्या डोळ्यांदेखत बदलले. १५९८ साली त्याने 'सर्व्हे ऑफ लंडन' प्रसिद्ध केला. वॉर्डामागून वॉर्ड, रस्त्यामागून रस्ता असे चालत जाऊन तिथे पूर्वी काय होते आणि आता काय आहे याची ती नोंद आहे.

त्यात त्याने घरचीच एक हकिगत दिली आहे. राजाचा मातब्बर मंत्री थॉमस क्रॉमवेल याने शेजारी मोठा वाडा बांधला. बाग कमी पडली म्हणून त्याच्या माणसांनी शेजाऱ्यांची कुंपणे उपटली, बावीस फूट आत माप टाकले आणि भिंत घातली. स्टोच्या वडिलांच्या बागेत एक लहान घर होते. तेही जमिनीपासून सुटे करून रुळांवरून मागे सरकवले. आधी ना सूचना, ना नंतर भरपाई. उरलेल्या जागेचे भाडे मात्र पहिल्याइतकेच. स्टोने जागा, माप आणि कर्त्याचे नाव, तिन्ही लिहून ठेवले. आज ती बाग नाही, भिंत नाही, क्रॉमवेल तर कधीच गेला. ते बावीस फूट तेवढे पुस्तकात शिल्लक आहेत.

मराठीतली वाट

मराठीतही ही वाट जुनी आहे. गोविंद नारायण माडगावकरांचे 'मुंबईचे वर्णन' १८६३ सालचे. मुंबईच्या किल्ल्याचा तट पाडण्याचा काळही तोच. माडगावकर हरवलेल्या मुंबईवर लिहीत नव्हते, डोळ्यांसमोरच्या शहराचे वर्णन करत होते. पण पुढच्या पिढ्यांसाठी ते वर्णनच हरवलेल्या शहराचे पुस्तक झाले. ना. वि. जोशी यांचे 'पुणे शहराचे वर्णन' १८६८ चे, म्हणजे पेशवाई बुडून पन्नास वर्षे झाल्यावरचे. पुढे भारत इतिहास संशोधक मंडळाने 'पुणे नगर संशोधन वृत्ता'च्या खंडांतून कागदपत्रांच्या आधारे पुण्याची जडणघडण मांडली. अविनाश सोवनी यांच्या 'हरवलेले पुणे'ने हा विषय शीर्षकातच आणला.

मला सर्वांत जवळचे वाटते ते मीना मेनन आणि नीरा आडारकर यांचे 'कथा मुंबईच्या गिरणगावची'. मूळ इंग्रजी पुस्तक २००४ चे. गिरणगावात राहिलेल्या आणि राबलेल्या शंभर माणसांचे आवाज त्यात आहेत. गिरण्या 'बंद पडल्या' असे आपण सहज म्हणतो. पण १९८२ चा संप, त्यानंतर गिरण्यांच्या जमिनी विकण्याची वाट उघडणारा १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीतला ५८ वा नियम आणि त्याची २००१ ची दुरुस्ती, हे ओळीने ठेवले की 'पडल्या' हे क्रियापद अपुरे वाटू लागते.

नाव, कागद आणि जमीन

तळ्यांसारखी जागा शोधायची तर तीन साक्षीदार लागतात : नाव, कागद आणि जमीन.

नाव सर्वांत चिवट, पण ते फक्त 'होते' एवढेच सांगते. कागदांमध्ये ब्रिटिश अमदानीतले दोन मोठे आधार आहेत. मेजर ग्रॅहॅमचा १८५४ चा कोल्हापूर संस्थानावरचा अहवाल आणि १८८६ चे कोल्हापूर गॅझेटिअर. त्यापलीकडे कोल्हापूर पुराभिलेखागारातली मोडी दप्तरे आणि नगर भूमापनाचे नकाशे. पण माझ्या मते सर्वांत दुर्लक्षित कागद घराघरांत आहे, तो म्हणजे जुने खरेदीखत. त्यात मिळकतीची चतुःसीमा लिहिलेली असते. पूर्वेस अमक्याचे घर, पश्चिमेस बोळ, दक्षिणेस सरकारी रस्ता, उत्तरेस तळे. त्याच मिळकतीच्या पुढच्या खतात उत्तरेला 'पडसर जागा' आली आणि त्यापुढच्यात 'मैदान', तर तळे कोणत्या दोन सालांच्या दरम्यान गेले ते घरबसल्या कळते. वकील आणि कारकून यांनी नकळत लिहिलेला हा इतिहास आहे, आणि त्यात हळहळ नसल्यामुळे तो अधिक भरवशाचा.

तोंडी साक्ष घेताना साल विचारू नये, घटना विचारावी. 'किती साली बुजवले?' याला उत्तर मिळत नाही. 'भूकंपाच्या आधी की नंतर?' याला मिळते. कोयनेचा भूकंप ११ डिसेंबर १९६७ चा. संस्थान विलीन झाले १ मार्च १९४९ ला. गांधीवधानंतरची जाळपोळ १९४८ ची, दुष्काळ १९७२ चा. या चार खुंट्यांवर आमच्या भागातल्या माणसांची निम्मी आठवण टांगलेली असते.

तिसरा साक्षीदार जमीन. गांधी मैदानात पावसाळ्यात पाणी साचते. इथे दोन गोष्टींची गल्लत करू नये. २०१९ आणि २०२१ चे महापूर पंचगंगेचे. त्या पुरात आमच्या शाहूपुरीची कुंभार गल्ली बुडाली ती नदी आणि जयंती नाल्याच्या फुगीमुळे. त्याचा दोष बुजवलेल्या तळ्यांवर ढकलता येणार नाही. पण गांधी मैदानातले पाणी नदीचे नव्हे. आजूबाजूच्या उतारावरचा पाऊस पूर्वी जिथे जाऊन थांबत असे तिथेच आजही जातो. वर माती टाकली तरी उतार बदलला नाही.

दोष कोणाचा?

कर्ता शोधायचा म्हणजे आरोपी शोधायचा असे नव्हे. १८८० च्या दशकात कळंब्याचे पाणी नळाने शहरात आले आणि तळ्यांची रोजची गरज संपत गेली. गरज संपली की उपसा थांबतो, गाळ साठतो, डास होतात, आणि शेवटी 'बुजवा हे' असे लोकच म्हणू लागतात. वाढत्या शहराला मंडई हवी होती, मैदान हवे होते. शाहू स्टेडियम नसते तर कोल्हापूरचा फुटबॉल आहे तसा राहिला असता का? तळ्याबद्दल हळहळणारा आणि पेठेच्या संघासाठी घसा बसेपर्यंत ओरडणारा माणूस पुष्कळदा एकच असतो. चांगल्या पुस्तकाने दोन्ही लिहावे : काय गेले, आणि त्या जागी काय मिळाले.

कधीकधी गेलेले परतही येते. अंबाबाई मंदिराच्या आवारातला मणिकर्णिका कुंड गेल्या शतकात बुजवला गेला आणि वर बाग आली. २०२० नंतर देवस्थान समितीने तो उकरायला घेतला तेव्हा मातीखालून दगडी बांधणी आणि पायऱ्या निघाल्या. त्याहून खोल उदाहरण ब्रह्मपुरीचे. पंचगंगेकाठच्या या टेकाडावर प्रा. कुंदनगार यांनी आणि नंतर १९४५-४६ मध्ये डेक्कन कॉलेजच्या सांकलिया आणि दीक्षित यांनी उत्खनन केले. सातवाहनकालीन नगर सापडले. समुद्रदेव पोसायडनची रोमन धाटणीची कांस्यमूर्ती सापडली. ती आज टाऊन हॉल संग्रहालयात आहे. उत्खननाचा अहवाल १९५२ साली पुस्तकरूपाने निघाला. हरवलेल्या कोल्हापूरवरचे ते पुस्तक मी कोणालाही आधी वाचायला सांगेन. त्यात विशेषणे जवळजवळ नाहीत. थर आहेत, मापे आहेत, खापरे आहेत.

जळले आणि जाळले

हाच फरक आगीलाही लागू आहे. बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा 'सैरंध्री' १९२० चा; त्याची प्रत आज उपलब्ध नाही. 'प्रभात' १९२९ मध्ये कोल्हापुरात स्थापन झाली आणि १९३३ मध्ये पुण्याला गेली. पुण्यातला प्रभातचा स्टुडिओ टिकला, कारण १९६० मध्ये तिथे फिल्म इन्स्टिट्यूट आली. जागेला नवा धनी मिळाला की जागा वाचते. भालजी पेंढारकरांचा जयप्रभा स्टुडिओ १९४८ मध्ये जाळला गेला. तिथे 'जळला' म्हणणे म्हणजे इतिहासाला वळसा घालणे.

उलट ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री केशवराव भोसले नाट्यगृह जळले, तेव्हा 'जळले' हाच शब्द वापरावा. पुराव्याविना 'जाळले' म्हणणे हाही तितकाच मोठा प्रमाद. शाहू महाराजांनी उभारलेले, १९१५ पासून 'पॅलेस थिएटर' म्हणून गाजलेले हे नाट्यगृह केशवरावांच्या जयंतीच्या आदल्या रात्री गेले. 'होते तसेच उभारा' अशी मागणी लगेच झाली. पण होते तसे म्हणजे कसे? १९१५ चे, की मधल्या डागडुज्यांनंतरचे? हे ठरवायला मापे, आराखडे, फोटो लागतात. हरवलेल्या जागेची नोंद ही केवळ हळहळीची बाब नाही, ती गवंड्याच्याही उपयोगाची असते, हे त्या आगीने शिकवले.

क्रमांकांची पेठ

शेवटी आमच्या पेठेबद्दल. मिरजेहून कोल्हापूरला रेल्वे आली १८९१ मध्ये. १८९५ मध्ये शाहू महाराजांनी शाहूपुरी ही व्यापारी पेठ वसवली. इथला गूळ व्यापार पुढे मार्केट यार्डात हलला. जुन्या कोल्हापुराला तीर्थांची आणि वारांची नावे आहेत. आमच्या गल्ल्यांना मात्र पहिली, दुसरी, तिसरी असे क्रमांक. क्रमांकाला पोटात काही धरून ठेवता येत नाही. कपिलतीर्थ हे नाव ऐकून एखादे पोर तरी विचारते, 'तीर्थ कुठे गेले?' 'तिसरी गल्ली' ऐकून कोणी काही विचारणार नाही. म्हणून अशा वस्तीत कागदावरच सारी भिस्त.

आणि कागद जातो तो बहुधा दिवाळीच्या आवराआवरीत. फडताळातली खरेदीखते, नळपट्टीच्या पावत्या, दुकानाची लेटरहेडे, पाठीमागे काही न लिहिलेले फोटो रद्दीच्या गठ्ठ्यात बसतात. यंदाची रद्दी आधीच गेली असेल तर पुढच्या वर्षी एवढे करावे. खतातली चतुःसीमा वहीत उतरवून घ्यावी, फोटोच्या मागे पेन्सिलीने जागा आणि साल लिहावे, आणि घरातल्या सर्वांत म्हाताऱ्या माणसाला विचारावे : 'समोर आधी काय होते?' उत्तर आले की तिथेच थांबू नये. पुढचा प्रश्न विचारावा : 'मग ते गेले, की घालवले?'