सांगोला : १९२ मतांचा बालेकिल्ला

सोलापूर जिल्ह्यातल्या सांगोल्याचं नाव निघालं की लोकांच्या तोंडी पहिला आकडा येतो तो ११. शेतकरी कामगार पक्षाचे (शेकाप) भाई गणपतराव देशमुख या एकाच मतदारसंघातून, एकाच पक्षातून ११ वेळा आमदार झाले. दुसरी आठवण अलीकडची आहे. जून २०२२मध्ये तेव्हाचे आमदार शहाजीबापू पाटील यांनी गुवाहाटीहून फोनवर सांगितलेलं 'काय झाडी, काय डोंगार, काय हाटील' अख्ख्या महाराष्ट्रानं ऐकलं. एक आख्यायिका आणि एक विनोद. या दोहोंच्या मध्ये मतदारसंघ मात्र हरवला. निकाल एकाखाली एक मांडून पाहिले की 'लाल बावट्याचा बालेकिल्ला' हे बिरुद जरा सैल होतं. इथले काही निकाल एखाद्या वाडीच्या मतांवर फिरले आहेत.

गणपतराव मूळचे सांगोल्याचेही नव्हते. मोहोळ तालुक्यातलं पेनूर हे त्यांचं गाव. वकिली शिकून ते सांगोल्यात आले आणि १९६२ साली, स्वतंत्र महाराष्ट्राच्या पहिल्याच विधानसभा निवडणुकीत, निवडून आले. त्या वर्षी २६४पैकी २१५ जागा काँग्रेसकडे गेल्या होत्या आणि शेकापला १५ मिळाल्या होत्या. १९६७ला ते पुन्हा आले, १९७२ला हरले. १९७४च्या पोटनिवडणुकीत जागा परत मिळवली ती १९७८, १९८०, १९८५ आणि १९९० असे चार विजय घेत १९९५पर्यंत राखली. तेव्हा दुसरा पराभव झाला. मग १९९९, २००४, २००९ आणि २०१४. एकूण ११ विजय आणि दोन पराभव.

इथे थोडी बेरीज करून घेऊ. ते ५४ वर्षं आमदार होते, असं अनेक ठिकाणी छापलेलं आढळतं. १९६२ ते १९७२ ही दहा वर्षं, १९७४ ते १९९५ ही एकवीस आणि १९९९ ते २०१९ ही वीस. बेरीज ५१ होते. पराभवाची वर्षं कुणीतरी प्रेमानं गिळून टाकलेली दिसतात! 'देशातला विक्रम' हेही असंच. केरळात पाला मतदारसंघातून के. एम. मणी १३ वेळा आणि पुदुपल्लीतून ओमन चंडी १२ वेळा निवडून आले. ते दाखले पाहिले तर हा दावा टिकत नाही. गणपतरावांची थोरवी त्यानं रतीभरही कमी होत नाही. एसटीनं प्रवास करणारा आमदार ही त्यांची ओळख विक्रमावर उभी नव्हती.

त्यांचं राजकारण उभं होतं ते पाण्यावर, म्हणजे पाण्याच्या अभावावर. माण नदीचं पात्र वर्षातला बराच काळ कोरडं. पाऊस तुटपुंजा आणि बेभरवशाचा. या मुलखात रोजगार हमीचं काम आणि टेंभू, म्हैसाळ, नीरा, उजनी यांतल्या कुठल्या योजनेचं पाणी कुठल्या गावाला, हेच मतदानाचे प्रश्न होते. नागनाथअण्णा नायकवडींनी आटपाडीत दुष्काळी १३ तालुक्यांच्या पाणी परिषदा भरवल्या, तेव्हा गणपतराव त्या चळवळीच्या पहिल्या फळीत होते. दुसरीकडे, कापूस फारसा न पिकणाऱ्या तालुक्यात त्यांनी सहकारी सूतगिरणी काढली आणि ती चालवूनही दाखवली. पुढे महिलांची वेगळी सूतगिरणी झाली. राज्यातल्या किती सहकारी सूतगिरण्या अवसायनात गेल्या हे आठवलं, तर ही साधी गोष्ट नव्हे. माझ्या मते सांगोल्यातल्या त्यांच्या टिकण्याचं एक मोठं कारण विधानभवनातल्या भाषणांपेक्षा या गिरणीच्या पगारपत्रकात सापडेल.

तालुक्यात धनगर समाज मोठा आहे आणि गणपतराव त्याच समाजाचे. हे गणित वगळून मतदारसंघ समजणार नाही. पण नुसत्या जातीनं भागलं असतं, तर १९७२ आणि १९९५ घडलंच नसतं.

१९७२चं कोडं फार अवघड नाही. त्या मार्चमध्ये काँग्रेसनं २७०पैकी २२२ जागा जिंकल्या आणि शेकाप १९वरून ७वर आला. त्या लाटेत सांगोलाही गेलं. १९९५ मात्र उलटं आहे. त्या वर्षी काँग्रेस १४१वरून ८०वर कोसळली आणि युतीचं सरकार आलं. अपक्षच ४५ निवडून आले. राज्यभर काँग्रेस हरत असताना सांगोल्यात ती जिंकली. शहाजीबापू पाटलांनी गणपतरावांना १९२ मतांनी हरवलं. तेव्हा मतपत्रिका हातानं मोजायच्या होत्या. युतीच्या लाटेचा इथल्या लढतीशी फारसा संबंध नव्हता. सांगोल्यात तालुका दोनच बाजूंत विभागलेला होता : शेकाप आणि शेकापविरोधी. विरोधी बाजूच्या हातात तेव्हा पंजा होता, इतकंच. पुढे तेच शहाजीबापू शिवसेनेच्या धनुष्यबाणावर लढले आणि त्यांच्या मागची माणसं बऱ्याच अंशी तीच राहिली. सांगोल्यात पक्ष बदलतात, गट बदलत नाहीत.

शेकापचीही यातून सुटका नव्हती. १९७७-७८मध्ये विरोधी पक्षनेते असलेले गणपतराव १९७८ला शरद पवारांच्या पुलोद सरकारात मंत्री झाले. १९९९ला ते विलासराव देशमुखांच्या आघाडी सरकारात मंत्री झाले, म्हणजे चार वर्षांपूर्वी ज्या पंजानं त्यांना हरवलं, त्याच्याच मुख्यमंत्र्याच्या हाताखाली. गावपातळीवर चाळीस वर्षं काँग्रेसशी भांडलेल्या कार्यकर्त्यानं हे घरी कसं समजावलं असेल, हा प्रश्न मला त्या काळातल्या खातेवाटपापेक्षा जास्त रंजक वाटतो.

एव्हाना बाकीच्या महाराष्ट्रातला शेकाप विरत चालला होता. १९७८ला १३, १९८५लाही १३, १९९५ला ६, २००४ला २. २०१४ला पक्षाचे तिघे आले. अलिबाग आणि पेण हे रायगडचे दोन, आणि तिसरा सांगोला. मोदींची लाट ऐन भरात असताना नव्वदीकडे झुकलेल्या गणपतरावांना ९४,३७४ मतं पडली, शहाजीबापूंना ६९,१५०. फरक २५,२२४चा.

मग २०१९ आलं. वयामुळे गणपतरावांनी माघार घेतली. पक्षानं आधी दुसऱ्याच कार्यकर्त्याचं नाव जाहीर केलं आणि नंतर ते बदलून गणपतरावांचे नातू डॉ. अनिकेत देशमुख यांना उभं केलं. आयुष्यभर घराणेशाहीपासून लांब राहिलेल्या नेत्याच्या पक्षाला शेवटी आडनावाचाच आधार घ्यावा लागला. राष्ट्रवादीचे दीपकआबा साळुंखे यांनी आपलं वजन शहाजीबापूंच्या पारड्यात टाकलं. निकाल : शहाजीबापू ९९,४६४, अनिकेत ९८,६९६. ७६८ मतांनी लाल बावटा उतरला. त्या वर्षी शेकापचा एकच आमदार विधानसभेत पोहोचला आणि तोही मराठवाड्यातल्या लोह्यातून.

३० जुलै २०२१ रोजी सोलापुरात गणपतरावांचं निधन झालं. याच सुमाराला तालुक्याचं अर्थकारणही हेलकावे खात होतं. शेततळ्यांच्या भरवशावर इथे डाळिंब फळलं. २८ डिसेंबर २०२० रोजी देशातली शंभरावी किसान रेल्वे सांगोल्याहूनच पश्चिम बंगालातल्या शालिमारला सुटली. तेल्या आणि खोडकिडीनं मात्र बागा उपटायला लावल्या. दुष्काळी म्हणून ओळखला जाणारा शेतकरी दहा-पंधरा वर्षांत बागायतदार झाला आणि कर्जबाजारीही. अशा मतदाराला नुसत्या गणपतरावांच्या आठवणी पुरत नाहीत.

२०२४ला शेकापनं दुसरे नातू डॉ. बाबासाहेब देशमुख यांना उभं केलं. शहाजीबापू शिंदेंच्या शिवसेनेतून होते आणि दीपकआबांनी ऐन वेळी उद्धव ठाकरेंची मशाल हाती घेतली. महाविकास आघाडीत शेकापसाठी जागा सुटली नाही, म्हणून लढत तिरंगी झाली. बाबासाहेबांना १,१६,२५६ मतं मिळाली, शहाजीबापूंना ९०,८७०. फरक २५,३८६, म्हणजे आजोबांच्या शेवटच्या विजयापेक्षा अवघ्या १६२ मतांनी जास्त. शेकापच्या सभांतून हा योगायोग मिरवला तर नवल नाही.

पण तिसऱ्या क्रमांकावरच्या दीपकआबांनीही पन्नास हजारांहून अधिक मतं घेतली होती. २०१९ला एकाच तंबूत असलेल्या या दोघांच्या मतांची बेरीज १,४०,०००च्या पुढे जाते. ती सगळी मतं एकगठ्ठा पडली असती असं कुणी छातीठोकपणे सांगू नये. मशालीकडे गेलेल्या काहींना शहाजीबापू नकोच होते. तरीही २८८ जणांच्या सभागृहातला शेकापचा हा एकमेव आमदार दोन जुन्या मित्रांच्या भांडणातून आला आहे. ते दोघे पुन्हा एकत्र बसले तर काय होईल, हे सांगोल्यात शेकापच्या कुठल्याही कार्यकर्त्याला समजावून सांगावं लागत नाही.