हुकूमनामा हाती, जमीन दुसऱ्याच्या ताब्यात

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपल्याकडे म्हणतात. परंतु ज्याच्या वाडवडिलांच्या शेतात दुसऱ्याचा नांगर फिरतो, त्याला हे शहाणपण परवडत नाही. बेळगाव तालुक्याच्या पश्चिम भागातील बेळगुंदीसारख्या गावांत भात आणि रताळी यांवर घरे चालतात. तेथे भावकीतील वाटणीचा दावा किंवा बांधाचा तंटा हा केवळ कागदावरचा वाद नसतो; वर्षाच्या अन्नाचा तो प्रश्न असतो. असा वादी वर्षानुवर्षे तारखांना हजर राहतो, पदरमोड करतो आणि कधीतरी जिंकतोही. मग त्याला कळते की, खरी यातायात आता पुढेच आहे.

कारण हुकूमनामा झाला म्हणजे ताबा मिळाला असे नव्हे. त्यासाठी निराळी दरखास्त दाखल करावी लागते. प्रतिवादीला पुन्हा नोटीस निघते. तो मयत असल्यास वारसांची नावे लावावी लागतात. मध्येच कोणी तिऱ्हाईत हरकत घेऊन उभा राहतो. सारा भरणाऱ्या शेतजमिनीची वाटणी असेल तर कागद मोजणीसाठी ताटकळतात. हिंदुस्थानातील पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावरच सुरू होतात, असा अभिप्राय प्रिव्ही कौन्सिलने १८७२ साली दिला होता. दीडशे वर्षांनंतरही तो जुना वाटू नये, ही खेदाची गोष्ट आहे.

सर्वोच्च न्यायालयाने याची दखल घेतली आहे. बंगळूरच्या जमिनीवरून उद्भवलेल्या राहुल शहा प्रकरणात २०२१ साली त्याने दरखास्ती सहा महिन्यांत निकालात काढण्याचा दंडक घातला. अधिक मुदत हवी असल्यास लेखी कारण द्यावे, असे बजावले. मार्च २०२५ मध्ये पेरियम्माळ प्रकरणात सर्व उच्च न्यायालयांना प्रलंबित दरखास्तींची माहिती मागवून दुय्यम न्यायालयांना तसे आदेश देण्यास सांगितले. ऑक्टोबर २०२५ मध्ये जो हिशेब पुढे आला, तो पाहून खंडपीठानेच चिंता व्यक्त केली. सहा महिन्यांत ३,३८,६८५ दरखास्ती निकालात निघूनही देशभर ८,८२,५७८ शिल्लक होत्या. त्यांपैकी ३ लाख ४१ हजारांवर एकट्या मुंबई उच्च न्यायालयाच्या कक्षेतील होत्या. कर्नाटक उच्च न्यायालयाने तर माहितीच पुरविली नव्हती. त्याबद्दल त्याच्याकडे खुलासा मागण्यात आला.

सीमेच्या अलीकडे किंवा पलीकडे, कोणालाच मिरविण्याजोगे यात काही नाही. एका बाजूला थकबाकीचा डोंगर, तर दुसऱ्या बाजूला तो किती उंच आहे याचीही नोंद वेळेवर मिळू नये! नियम नाहीत असेही नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेत एका पक्षकाराला तीनहून अधिक तहकुब्या देऊ नयेत, अशी तरतूद आहे. कर्नाटकाने २००५ साली नियम करून दरखास्तींसाठी १२ आणि वाटणीच्या दाव्यांसाठी २४ महिन्यांचे उद्दिष्ट ठरविले. धारवाडला २०१३ पासून उच्च न्यायालयाचे कायम खंडपीठ आहे. उणीव आहे ती अंमलबजावणीची.

तेव्हा केवळ वरून आदेश सोडून भागणार नाही. रिकाम्या न्यायाधीशांच्या जागा, अपुरे बेलिफ आणि मोजणीदार ही सरकारची जबाबदारी होय. सवयीने तहकुबी मागणे सोडणे ही वकीलवर्गाची जबाबदारी. प्रत्येक न्यायालयाने सहा महिन्यांवरील दरखास्तींची यादी, विलंबाच्या कारणासह, दरमहा फलकावर लावावी. सीमाभागात ती मराठीतही असावी. ज्याची जमीन अडकली आहे, त्याला ते कारण वाचता आले पाहिजे.

बेळगुंदीसारख्या गावांना विलंबाची आणखी एक ओळख आहे. सीमाप्रश्नावरील महाराष्ट्राचा दावा २००४ साली सर्वोच्च न्यायालयात दाखल झाला. त्यालाही वीस वर्षे उलटून गेली. खालच्या न्यायालयांना सहा महिन्यांची मुदत घालणाऱ्या न्यायपीठाने स्वतःच्या दप्तरातील या दाव्याकडेही त्याच तातडीने पाहावे, एवढी अपेक्षा तेथील जनतेने बाळगली, तर ती अवाजवी म्हणता येणार नाही.