भग्न पुतळ्याचा बोध

राष्ट्रपुरुषाचा पुतळा उभारणे सोपे. त्याच्याविषयी सत्य सांगणे अवघड. घानाची राजधानी आक्रा येथील क्वामे एन्क्रुमा यांचे स्मारक या दृष्टीने मननीय आहे.

एन्क्रुमा यांच्या नेतृत्वाखाली ६ मार्च १९५७ रोजी घाना स्वतंत्र झाला आणि त्यांच्या हयातीतच त्यांचा पुतळा पार्लमेंटसमोर उभा राहिला. परंतु १९५८ साली विनाचौकशी स्थानबद्धतेचा कायदा झाला, १९६४ साली एकपक्षीय राजवट आली. आणि स्वातंत्र्याच्या चळवळीतील त्यांचे जुने सहकारी जे. बी. डान्क्वा १९६५ साली तुरुंगातच निवर्तले. २४ फेब्रुवारी १९६६ रोजी एन्क्रुमा परदेशी असता लष्कराने सत्ता बळकावली आणि तो पुतळा धुळीस मिळाला.

पुढे जनतेचा रोष निवळला. स्वातंत्र्याची घोषणा जेथे झाली, त्याच जुन्या पोलो मैदानावर १९९२ साली स्मारक-उद्यान झाले व तेथे नवा पुतळा उभारण्यात आला. तथापि जुना भग्न पुतळाही तेथेच जपलेला आहे. धड निराळे, शिर निराळे. राष्ट्राची कृतज्ञता आणि राष्ट्राचा संताप एकाच आवारात नांदत आहेत.

आमच्या मते हीच खरी श्रद्धांजली होय. निर्दोष देवाची पूजा होते. अनुकरण माणसाचेच करता येते. पुतळ्यास हार घालून चरित्र मिटून ठेवणाऱ्या आपल्या समाजाने हा बोध अवश्य घ्यावा. ज्या नेत्याच्या चुकांचा उच्चार करण्याची भीती वाटते, त्याचे मोठेपण आपल्याला पुरते उमगलेलेच नसते.